कुमुदताईंचं तिसरं बोअर

कुमुदताई पाटणकर दगड चाटत असत. जमिनीतून नुकताच वर आलेला, चिखलानं माखलेला दगडाचा तुकडा त्या आधी बाटलीतल्या पाण्यानं धुवायच्या, पदराला पुसायच्या आणि सरळ जिभेला लावायच्या. ओल्या दगडाचा रंग खरा दिसतो, म्हणून. मातीचंही तसंच. चिमूटभर माती दातांखाली धरायची. कचकचली तर रेताड गाळ, लोण्यासारखी लागली तर चिकणमाती. पहिल्या दिवशी त्यांना असं करताना पाहिलं आणि माझ्या हातातला चहा हातातच राहिला.

"काहून पाहून राहिला असा?" त्या म्हणाल्या. "घे, चाटून पाहा."

मी मान हलवून नको म्हटलं.

"इंजिनिअर ना तू? अच्छा. आधी जिभेला विचारावं बाबू, मग पुस्तकाला." आणि तो तुकडा त्यांनी खोक्यातल्या खाचेत असा ठेवला, जसं कुणी तान्ह्या मुलाला पाळण्यात ठेवावं.

जबलपुरात मेट्रो येणार अशी बोलवा तेव्हा जोरात होती. शहराच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एक रेघ कागदावर ओढली गेली होती. बाकी सगळी रेघ खांबांवरून जाणार होती. फक्त कलेक्टर कचेरी, कोर्ट आणि ट्रेझरीच्या भागात रस्ते अरुंद आणि इमारती जुन्या, म्हणून तिथं गाडी जमिनीखाली उतरणार होती. त्या कचेऱ्यांच्या पोटात एक स्टेशन होणार होतं. ते होऊ शकतं का, हे पाहण्यासाठी तिथली जमीन भोकं पाडून तपासायचं काम एका खासगी कंपनीला मिळालं होतं आणि मी त्या कंपनीत नोकरीला होतो. कुमुदताई कॉलेजच्या भूगर्भशास्त्राच्या प्रयोगशाळेत बत्तीस वर्षं सहायक होत्या. निवृत्तीनंतर आमच्या कंपनीनं त्यांना रोजंदारीवर घेतलं, कारण शहराखालचा दगड त्यांच्याइतका कुणी हाताळलेला नव्हता.

काम साधं होतं. मशीन जमिनीत पंचवीस मीटरपर्यंत भोक पाडायचं. अशा भोकाला आम्ही बोअर म्हणायचो. त्यातून दगडाचे दांडे वर यायचे, ते लाकडी खोक्यांत खोलीप्रमाणे ओळीनं मांडायचे, आणि किती खोलीवर काय निघालं ते एका तक्त्यावर शाईनं लिहायचं. हा तक्ता म्हणजे लॉग. खाली पहिली सही कुमुदताईंची, दुसरी माझी. पुढे कुणी लाखो टन सिमेंट ओतायचं ठरवलं तरी ते या दोन सह्यांवर विसंबून.

त्यांना एका जागी बसलेलं मी पाहिलेलं नव्हतं. साठी ओलांडली होती, अंगकाठी बारीक, पायात कापडी बूट, साडी घोट्याच्या वर खोचलेली. डबा उभ्यानं खायच्या. आमच्या तंबूत त्यांच्यासाठी मुद्दाम आणलेली खुर्ची होती. तिच्यावर कायम त्यांची पिशवीच बसलेली असायची. मशीनपासून खोक्यापर्यंत, खोक्यापासून रस्त्यापर्यंत, परत मशीनपर्यंत, अशा त्या येरझारा घालत. आमचा मशीन चालवणारा भोला एकदा म्हणाला, "दीदी, आप बैठ जाओ तो मुझे भी चैन पड़े." तर म्हणाल्या, "पत्थर को कोई जल्दी नहीं है भैया, इसलिए मुझे है."

आमच्या दोघांच्या मराठीवरून त्या मला चिडवत. माझे आजोबा अमरावतीकडून नोकरीसाठी इथं आले. कुमुदताईंचं घराणं भोसल्यांच्या चाकरीत आलेलं आणि दीक्षितपुऱ्यात स्थिरावलेलं. "तुम्ही काल आले, आम्ही परवा," त्या म्हणायच्या. "पण आता पाहा, दोघंही 'हो'ला 'हओ' म्हणून राहिलो." माझ्या पिढीचं मराठी म्हणजे ऐकायला येतं, बोलायला लाज वाटते. माझं वाक्य मध्येच हिंदीत घसरलं की त्या थांबायच्या आणि म्हणायच्या, "चलो, आता मागे जा आणि पुन्हा ये." मी आज हे मराठीत लिहू शकतो, याचं बरंचसं श्रेय त्या मागे जाण्याला आहे.

मेट्रोचं वेड त्यांना आमच्यातल्या कुणाहीपेक्षा जास्त होतं. त्यांची मुलगी रेवा दिल्लीत सरकारी कार्यालयात नोकरीला. एका उन्हाळ्यात कुमुदताई तिच्याकडे गेल्या असताना मुलगी रोज सकाळी सरकारी कचेऱ्यांच्या खालच्या स्टेशनावर उतरून ऑफिसात जायची. तिसऱ्या दिवशी ह्या तिच्याबरोबर गेल्या, आणि मुलगी वर निघून गेली तरी ह्या खालीच राहिल्या. दिवसभर. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत भिंतीला हात लावत चालायचं, टकटक करून ऐकायचं. शेवटी सुरक्षारक्षकानं हटकलं, तर त्यालाच विचारलं, "भैया, इस दीवार के पीछे कौन सा पत्थर है?" तो बिचारा घाबरला. त्यानं ह्यांना आत नेऊन बसवलं, म्हणजे बसवण्याचा प्रयत्न केला, आणि मुलीला फोन लावला.

हा किस्सा सांगताना त्यांना हसू आवरायचं नाही. "रेवा अशी लाल झाली होती! म्हणते, आई, तू मला कुठं तोंड दाखवू देणार नाहीस. मी म्हटलं, अगं, इतके लोक रोज दगडाच्या पोटात शिरून राहिले आणि एकालाही विचारावंसं वाटत नाही?" मग एकदम गंभीर व्हायच्या. "बाबू, मला माझ्या गावात एकदा जमिनीखाली उतरायचं आहे. पायऱ्यांनी, तिकीट काढून. आपण जळणारे लोक. मेल्यावरही आपल्याला खाली जायला मिळत नाही."

त्या असं बोलल्या की भोलासुद्धा मशीन चालवता चालवता वळून पाहायचा.

कचेरीच्या भागात आमची तीन बोअर होती. पहिली दोन उत्तम लागली. पाच मीटरवर जो गुलाबी ग्रॅनाइट सुरू झाला तो तळापर्यंत सलग. हातभर लांबीचे दांडे अखंड येत होते. कुमुदताई ते उचलून छातीशी धरायच्या. रोज संध्याकाळी रेवाला फोन. "अगं, बनतं आपलं स्टेशन! तू ये मग परत. इथंच लाग नोकरीला." पलीकडून रेवा काय म्हणायची ते ऐकू यायचं नाही, पण फोन ठेवल्यावर त्या दोन फेऱ्या जास्त मारायच्या, एवढं मी पाहिलं होतं.

तिसरं बोअर ट्रेझरीच्या मागच्या बाजूला, बाबू लोकांच्या जुन्या क्वार्टरांच्या ओळीजवळ होतं. दिवाळी नुकतीच होऊन गेलेली, हवा छान होती. पहिले चार मीटर विटांचे तुकडे, कोळसा, फुटकी कौलं, म्हणजे भराव. मग नळीतून काळा चिखल यायला लागला. जमिनीचा कडकपणा मोजायला नळीवर वजनदार हातोडा ठरलेल्या उंचीवरून टाकतात आणि किती घावांत नळी खाली जाते ते मोजतात. भोलानं हातोडा उचलायच्या आधीच नळी आपल्या भारानं खाली सरकली. एक वीत, दोन विती, हातभर.

"दीदी," भोला हळूच म्हणाला, "ये तो मक्खन है."

चिखलात बोटाच्या पेराएवढ्या गोगलगाईंचे शंख होते. कुमुदताईंनी एक शंख धुऊन तळहातावर घेतला. मग चिमूटभर चिखल दातांखाली धरला. नऊ मीटरपर्यंत तो चिखल आणि त्याखाली बावीस मीटरपर्यंत कुजलेला, पाण्यानं भरलेला, बोटानं चुरा होणारा दगड. स्टेशनाचा तळ अठरा मीटरवर यायचा होता.

त्यांना समजलं होतं, मलाही समजलं होतं. जबलपूरच्या निम्म्या पत्त्यांत 'ताल' आहे आणि त्यातल्या कित्येकांत आता थेंबभर पाणी नाही. तळी बुजली, वर वस्त्या झाल्या. हे असंच एक कुणाच्या लक्षात न राहिलेलं तळं होतं. इथं खड्डा खणायचा म्हणजे सतत पाणी उपसायचं, आणि पाणी उपसलं की आजूबाजूची जमीन बसणार. मग तिच्यावर जे काही उभं आहे तेही बसणार.

कुमुदताईंनी तळहातावरचा शंख खाली टाकला.

"भोला, मशीन वीस पावलं तिकडे सरकव." मग माझ्याकडे न पाहता म्हणाल्या, "लिही. इथं नळी अडकून तुटली. बोअर सोडलं. नवीन बोअर शेजारी घेतलं."

"ताई?"

"लिही ना. काहून पाहून राहिला माझ्याकडे?"

मी लिहिलं. खोटं कशाला सांगू, मला बरंच वाटलं. कंपनीचे साहेब रोज फोन करून विचारत होते. चांगली बातमी द्यायची होती, आणि ती देण्याचा भार त्यांनी स्वतःवर घेतला होता. त्यांनी सही केली, खाली मी केली. चिखलाची खोकी तंबूच्या मागे ताडपत्रीखाली गेली. वीस पावलांवर नवं बोअर घेतलं, तिथं सात मीटरवर ग्रॅनाइट लागला. साहेबांनी फोनवर "शाबाश" म्हटलं.

त्या दिवसापासून कुमुदताईंचं चालणं बदललं. आधी त्या फिरायच्या त्या कामासाठी. आता नुसत्याच फिरू लागल्या. डबा घरी विसरायच्या. एका खोक्यातले दांडे उलट्या क्रमानं लावून ठेवले, जे त्यांच्या हातून बत्तीस वर्षांत झालं नसेल. मी काही बोललो की "हओ, हओ" म्हणायच्या आणि दुसरीकडेच पाहायच्या. संध्याकाळी रेवाचा फोन आला, तो त्यांनी घेतला नाही.

तिसऱ्या दिवशी क्वार्टरांतून तक्रार आली. मशीनला पाणी लागतं आणि भोला ते तिथल्या हातपंपावरून भरत होता. शेवटच्या घरातल्या एक म्हाताऱ्या बाई येऊन त्याच्यावर ओरडून गेल्या की दिवसभर खडखड चालते, डोकं दुखतं. त्यांना सगळे तिवारी अम्मा म्हणत. नवरा ट्रेझरीत बाबू होता, तो वारला. आता मुलगा तिथंच चिकटला होता, म्हणून घर राहिलं होतं. कुमुदताई मला म्हणाल्या, "चल, माफी मागून येऊ."

अम्मा रागावलेल्या होत्या, पण घरात बाई माणूस आलं म्हटल्यावर चहा टाकलाच. पंप कधी आटत नाही का, असं मी सहज विचारलं. "जेठ में भी नहीं," त्या अभिमानानं म्हणाल्या. "सारे मोहल्ले के सूख जाते हैं, हमारा नहीं."

कुमुदताई नेहमीप्रमाणे खोलीभर फिरत होत्या. मागच्या भिंतीशी त्या थांबल्या. जमिनीपासून वर गेलेली एक भेग होती, बोट शिरेल एवढी रुंद. तिच्या कडेनं पेन्सिलच्या बारीक आडव्या रेघा होत्या, एकीवर एक, कुठं वीतभर अंतरानं, कुठं चार बोटांच्या.

"ये किसने लगाए?"

"लड़के के बाबूजी ने," अम्मा म्हणाल्या. "हर दिवाली पर पुताई से पहले देखते थे, कहाँ तक पहुँची. निशान लगा देते. उनके बाद मैं लगाती हूँ. इस बार इतनी आई." आणि त्यांनी हात वर करून दाखवलं. हात पुरेना म्हणून टाचा उंचावल्या. शेवटची रेघ छताच्या अगदी खाली होती.

कुमुदताई खाली बसल्या. खुर्ची होती, पलंग होता, पण त्या भिंतीपाशी जमिनीवरच बसल्या, पाय पोटाशी घेऊन. अम्मांना वाटलं चक्कर आली. त्या पाणी घेऊन आल्या. कुमुदताईंनी पाणी प्यायलं, चहा प्यायला, अम्मांनी दिलेली मठरीही खाल्ली, आणि सबंध वेळ त्या एका जागी बसून राहिल्या. मला त्यांची भीती वाटली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सात वाजता त्या विजय नगरमध्ये माझ्या दारात उभ्या होत्या. दीक्षितपुऱ्यातून निघून, कमानिया गेटपाशी ऑटो बदलून आल्या होत्या. मी दात घासत होतो.

"चप्पल घाल," त्या म्हणाल्या.

"ताई, आत तर या. चहा..."

"नंतर. आधी लॉग."

रस्त्यात मी त्यांना समजावत होतो. साहेबांना कळवून झालंय, माझी नोकरी जाईल. शिवाय एका बोअरनं काय होतं, पुढे मोठी तपासणी होईल तेव्हा कुणाला तरी सापडेलच. त्या ऐकून घेत होत्या. कचेरीच्या वळणावर मी शेवटचं हत्यार काढलं. "ताई, तुम्हाला तर स्टेशन पाहिजे होतं."

"पाहिजे आहे," त्या म्हणाल्या. "तुझ्यापेक्षा जास्त, साहेबापेक्षा जास्त. म्हणून तर माझ्या हातात पेन द्यायला नको होतं."

तंबूत आल्यावर त्यांनी ताडपत्री ओढली, खोकी पुढे आणली आणि पहिल्या मीटरपासून लिहायला घेतलं. मी म्हटलं, जुना कागद फाडून टाकतो, कोऱ्यावर नीट लिहू. त्यांनी माझा हात धरला. "फाडू नको. त्याच्यावर एक रेघ मार. एकच, खालचं वाचता आलं पाहिजे अशी." जिथं 'नळी तुटली' असं लिहिलं होतं तिथं त्यांनी स्वतः एक सरळ रेघ मारली आणि शेजारी लिहिलं: 'ही नोंद मी चुकीची केली होती. दुरुस्त केली.' खाली सही. मग पेन माझ्याकडे दिलं.

मी घुटमळलो.

"तू नाही केली तरी चालेल," त्या म्हणाल्या. "माझी आहे. तुझं लग्न व्हायचं आहे अजून."

त्या असं म्हणाल्या म्हणूनच बहुधा, मी सही केली.

साहेब दोन दिवसांनी स्वतः आले. चांगला शिकलेला, गोड बोलणारा माणूस. ओरडले वगैरे नाहीत. म्हणाले, "मॅडम, चारमधली तीन बोअर चांगली आहेत. अहवालात सरासरीचा विचार करता येतो."

कुमुदताई म्हणाल्या, "साहेब, घरात चार माणसं आहेत. तिघांनी जेवून घेतलं. चौथा सरासरीनं जेवला म्हणू का?"

ते हसले. मग कुमुदताईंचं काम त्या महिन्याअखेर संपत असल्याचं त्यांनी त्याच गोड आवाजात सांगितलं. मला काढलं नाही. माणसं कमी होती. पण लॉग त्यांना बदलता येईना. दोन सह्या होत्या, आणि चुकीसकट दुरुस्ती समोर लिहिलेली होती. अशा कागदाला हात लावायला कुणी धजत नाही, हे मी त्या दिवशी शिकलो. अहवाल लॉगसकट गेला.

पुढे काही महिन्यांनी जमिनीखालचा भाग योजनेतून वगळल्याचं कळलं. मग सगळी रेघच मागे पडली. याला कारणं पुष्कळ असतील. असल्या गोष्टी एका भोकामुळे ठरत नाहीत आणि ज्या ठरतात त्याही आमच्यासारख्यांना सांगून ठरत नाहीत. पण कुमुदताईंनी ते आपल्यावरच घेतलं. गणपतीत मराठी मंडळींच्या घोळक्यात कुणीतरी गमतीनं म्हणालं, "पाटणकर बाई, तुमच्यामुळे गेली म्हणे आमची मेट्रो!" सगळे हसले. त्या म्हणाल्या, "हओ. माझ्यामुळेच." आणि प्रसादाचं ताट घेऊन पुढे गेल्या. मी पाहत होतो. पुढच्या माणसाला त्यांनी प्रसाद दिलाच नाही, ताट घेऊन सरळ जिन्यापर्यंत चालत गेल्या आणि तिथून परत आल्या.

रेवाशी त्यांचं काय बोलणं झालं ते त्यांनी एकदाच सांगितलं. "म्हणते, आई, तुझ्या गावात होणार होतं एक काम, ते तूच मोडलंस, आता मला परत ये म्हणू नकोस. बरोबरच आहे तिचं." मी म्हटलं, तिला कळलं नसेल. "कळलं ना तिला. सगळं कळलं. कळूनही वाईट वाटतं माणसाला, निखिल." त्यांनी मला नावानं हाक मारलेली ती एकच वेळ मला आठवते.

मला नागपुरात काम मिळालं आणि मी जबलपूर सोडलं. निघण्याच्या दिवशी भेटायला गेलो तर घराला कुलूप. शेजारच्या बाई म्हणाल्या, त्या हल्ली दुपारच्या तिकडे कचेरीकडे जातात, एक म्हातारी मैत्रीण आहे त्यांची. मी तिवारी अम्मांकडे गेलो नाही, गाडीची वेळ होत होती. फोनवर निरोप घेतला. त्या म्हणाल्या, "जा, जा. आणि तिथं गेल्यावर माती आधी..." आणि हसल्या. वाक्य पूर्ण केलं नाही.

गेल्या थंडीत त्या गेल्या. दोन दिवस ताप आला होता, तिसऱ्या दिवशी सकाळी पाणी भरायला उठल्या आणि तिथंच. डॉक्टर म्हणाले हृदय. रेवा विमानानं आली. मी दहाव्या दिवशी पोचलो. दीक्षितपुऱ्यातल्या त्यांच्या माडीवरच्या दोन खोल्यांत माणसं येत जात होती. रेवा कोपऱ्यात बसली होती. मध्येच ती म्हणाली, "आईनं तुम्हालाही चाटायला लावलं का हो दगड?" मी हो म्हटलं. ती हसली आणि मग खूप रडली.

दुपारी जिन्यात कुणीतरी थांबत थांबत येण्याचा आवाज झाला. तिवारी अम्मा होत्या, मुलाचा हात धरून आलेल्या. पायात नवे करकरीत बूट, शाळेतली मुलं घालतात तसे, पट्टी चिकटवायचे. दाराशी त्यांना ते काढता येईनात. मी खाली वाकून पट्ट्या सोडवल्या. त्यांनी मला ओळखलं.

"कुमुद ने दिलवाए थे," त्या म्हणाल्या. "कहती थी, अम्मा, वहाँ चलने वाली सीढ़ी होती है, चप्पल फँस जाती है. बूट ले लो और घर में पहन-पहन के आदत डालो. पहले दिन तुमको मैं ले के चलूँगी."

मी विचारलं, "कधी म्हणाल्या होत्या असं?" माझं मराठी त्यांना समजलं. मराठी माणसांच्या इतक्या वर्षांच्या शेजारानं समजतंच.

"अभी, दशहरे के बाद. हर हफ़्ते आती थी. घंटा-घंटा बैठती थी मेरे पास."

म्हणजे योजना मागे पडून वर्ष उलटून गेल्यावरही. अम्मांच्या घरासाठी आपण काय सोडलं, हे कुमुदताईंनी त्यांना कधी सांगितलंच नव्हतं. तळ्याचं नाही, लॉगचं नाही. त्या जाऊन बसायच्या, आणि दोघी मिळून स्टेशनाला जायची तयारी करायच्या.

अम्मा रेवाजवळ बसल्या, तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिल्या. तासाभरानं निघाल्या तेव्हा मी पुन्हा त्यांच्या पायांत बूट चढवले. माझ्या खांद्यावर हात ठेवून त्या उभ्या राहिल्या आणि अगदी सहज विचारलं, "बेटा, तू तो वहीं काम करता था. कब तक बनेगा?"

'बनेल' म्हणणं फार सोपं होतं. तोंडात आलंही होतं.

"नहीं बनेगा, अम्मा," मी म्हणालो. "वहाँ नहीं बनेगा. नीचे पानी है."

त्यांनी वाकून, स्वतःच्या हातानं एका बुटाची सैल पट्टी उचकटली आणि घट्ट दाबून बसवली.

"अच्छा," त्या म्हणाल्या. "कुमुद को मत बताना." आणि मुलाचा हात बाजूला सारून, भिंतीला धरत, एक एक पायरी खाली उतरू लागल्या.